एक नंबरचं बटण

अहो, तुम्हाला जाऊन आज एकवीस दिवस झाले आणि त्यातले पंधरा दिवस तुम्ही टीव्ही बघितलात. संध्याकाळी सातच्या बातम्या, आठ ते साडेआठ माझी मालिका, आणि दोन्ही शनिवारी शेतकऱ्यांचा तो कार्यक्रम, ज्यात कांद्यावरच्या करप्याला काय फवारायचं ते सांगतात. पहिले चार दिवस घरात माणसं होती म्हणून टीव्ही लावला नाही, नाहीतर तेही मी सोडले नसते. भुवया चढवू नका. बटण मी दाबत होते.

तुम्हाला हे अजिबात आवडणार नाही, माहीत आहे मला. न आवडणारं आणखीही बरंच सांगायचं आहे. हे मंजिरीही वाचेल, आणि आपल्या लेकीला यातलं एक अक्षर ठाऊक नाही, म्हणून पहिल्यापासून सांगते. तुम्ही मधेच 'मुद्द्यावर ये' म्हणायचात, ती सोय आता नाही. ऐकून घ्या.

चार वर्षांपूर्वी आपल्या टीव्हीला एक मीटर बसला. कोण काय बघतं ते मोजणारा. सगळे टीआरपी टीआरपी म्हणतात, तो असल्या मीटरांमधून निघतो. सगळ्यांच्या घरी जाऊन विचारत बसणार कोण, म्हणून आपल्यासारखी थोडी घरं निवडायची आणि त्यांनी काय बघितलं त्यावरून बाकीच्यांनी काय बघितलं ते धरायचं. घरातल्या प्रत्येकाला एक नंबर. टीव्हीसमोर बसलं की छोट्या रिमोटवरचं आपलं बटण दाबायचं, की खोक्यावर आपल्या नंबराचा दिवा लागतो. उठलं की परत दाबायचं, दिवा विझतो. तुम्ही एक, मी दोन. आणि अट अशी की घरात मीटर आहे हे बाहेर कोणाला सांगायचं नाही. तुम्ही तर पोटच्या पोरीलाही सांगू दिलं नाहीत. मंजिरी बंगळूरहून आली की खोक्यावर क्रोशाचा रुमाल टाकायचा आणि तो व्होल्टेज सांभाळायचा आहे म्हणायचं. तिनं एकदा विचारलंही, 'बाबा, टीव्ही एवढासा आणि त्याला सांभाळायला एवढा मोठा?' तुम्ही पेपरातून डोकं वर न काढता म्हणालात, 'तुझ्या आईच्या मालिका जड आहेत.'

कारखान्यात आयुष्यभर इन्स्पेक्शनला काढलंत तुम्ही. दुसऱ्यानं केलेला भाग मायक्रोमीटरवर धरायचा आणि केसभर कमीजास्त निघाला की बाजूला टाकायचा, हा तुमचा पेशा आणि हीच तुमची करमणूक. पोळ्यांचासुद्धा घेर तुमच्या नजरेतून सुटला नाही. अशा माणसाच्या घरी मोजणारं यंत्र आलं, म्हणजे विचारायलाच नको. निवृत्त झाल्यावर बारा वर्षांनी तुम्हाला परत नोकरी लागल्यासारखं वाटलं होतं. चेहरा असा करून बसायचात की वाटावं, सबंध महाराष्ट्राची झोप तुमच्या रिमोटवर अवलंबून आहे.

मेश्राम मॅडम आठवतात ना? नाही कशा आठवणार. दर दोन महिन्यांनी मीटर तपासायला यायच्या, हडपसरहून स्कूटरवर, एवढ्या ट्रॅफिकमधून. भंडाऱ्याकडची मुलगी, मंजिरीहून पाच-सात वर्षांनी लहान, पण तुम्ही तिला मॅडमच म्हणायचात, कारण ती तपासायला यायची आणि तपासणाऱ्याचा मान तुम्हाला ठाऊक होता. पहिल्याच वेळी तुम्ही तिला विचारलंत, 'मॅडम, गाणं ऐकताना माणसानं डोळे मिटले तर तो प्रेक्षक धरायचा की नाही?' ती बिचारी म्हणाली, 'काका, हे तर मला ट्रेनिंगमध्ये पण नाही सांगितलं.' तुम्ही म्हणालात, 'मग वर विचारून कळवा.' तिनं खरंच विचारलं आणि कळवलं. डोळे मिटलेला चालतो, घोरणारा नाही.

ही मोजायची खोड तुम्हाला टीव्हीच्या बाबतीत पहिल्यापासून होती. लग्नानंतर आपण सदाशिव पेठेत दोन खोल्यांत राहायचो आणि खाली वकिलांकडे टीव्ही होता, लाकडी दारं असलेला, कुलूप लावता येणारा. शनिवारी मराठी सिनेमा, रविवारी हिंदी. सगळी आळी त्यांच्या बाहेरच्या खोलीत. तुम्ही दाराशी उभं राहून आधी डोकी मोजायचात आणि माझ्या कानाशी येऊन सांगायचात, 'आज एकतीस, पोरं धरून.' सिनेमात कोण आहे याच्याशी तुम्हाला देणंघेणं नव्हतं. वकिलीणबाई ताटं घ्यायला लागल्या की ज्यानं त्यानं समजून उठायचं, अशी पद्धत होती. एकदा सिनेमा चांगला रंगात आलेला असताना त्यांनी टीव्हीची दारं ओढली, कुलूप घातलं आणि म्हणाल्या, 'आमच्याकडे पाहुणे यायचेत.' एकतीस माणसं चपला शोधत बाहेर पडली. तुम्ही जिना चढताना एवढंच म्हणालात, 'आपल्या घरी टीव्ही येईल तेव्हा त्याला दारं नसतील.'

आला, आणि खरंच नव्हती. गच्चीत जाऊन तुम्ही अँटेनाचं तोंड सिंहगडावरच्या टॉवरकडे केलंत, तेही होकायंत्र घेऊन. शेजारी हातानं फिरवून तुमच्या आधी मोकळे झाले होते. मग आपल्या घरचं दार संध्याकाळभर उघडं राहायचं. मला स्वयंपाकघरातून बाहेर यायला वाट नसायची, कोणाची तरी मुलं माझ्या पलंगावर झोपलेली असायची, आणि मी कुरकुरले की तुम्ही म्हणायचात, 'एका सेटमागं दोनच माणसं म्हणजे वाया.' बातम्या देणारी बाई नमस्कार म्हणाली की पुढे बसलेल्या दोन म्हाताऱ्या हात जोडायच्या, आणि एक तर पदर सारखा करायची, कारण ती बाई बघत होती ना. तुम्ही त्यांना हसला नाहीत. मी हसले होते, हे मात्र खरं.

रविवारी सकाळची पौराणिक मालिका सुरू झाली तेव्हा सगळं पुणं घरात आणि तुम्ही एकटे पिशवी घेऊन बाहेर. गर्दी नाही, रांग नाही, हीच वेळ सामान आणायची, असा तुमचा हिशेबी शहाणपणा. वाण्याच्या दुकानात त्यानं टीव्ही लावलेला आणि तो हात जोडून बसलेला. तुम्ही म्हणालात, दोन किलो तूरडाळ. तो म्हणाला, देव बोलतायत, थांबा. तुम्ही थांबलात, उभ्यानं अख्खा भाग बघितलात आणि घरी येऊन मला म्हणालात की मालिका कुठली, त्याचा तराजू बरोबर आहे का ते बघत होतो. डाळ आणायची विसरला होतात.

हळूहळू सगळ्यांकडे सेट आले. आपल्या दारातल्या चपला कमी झाल्या. मग रंगीत आला, केबल आली, आपण कोथरूडला या सोसायटीत आलो, इथे तर दार बंद करूनच राहायचं असतं. मंजिरी कॉलेजात गेली आणि तिला बातम्याही नकोत, मालिकाही नकोत. आता ती म्हणते, 'आई, टीव्ही कोण बघतं?' तिला वाटतं ती दुसऱ्या कोणाची तरी टिंगल करतेय. आपण बघतो गं. मोबाइलवर ज्याचं त्यानं कानात घालून बघायचं, त्याला मी काय म्हणू? शेजारी बसलेल्याला कळतही नाही आपण हसतोय का रडतोय. तुम्ही याच्यावरही वाद घालायचात, की माणसं तेव्हाही वेगवेगळंच बघत होती, फक्त एका खोलीत बसून. हा वाद आपला राहूनच गेला. मला अजूनही तुमचं पटलेलं नाही.

तर मीटर आल्यावर तुम्ही कर्तव्य म्हणून टीव्ही बघायला लागलात. शनिवारचं शास्त्रीय गायन, कारण आपण नाही बघितलं तर कोणी बघत नाही म्हणून बंद करतील. शेतकऱ्यांचा कार्यक्रम, त्याच कारणासाठी. घरात तुळशीला पाणी घालायचं तुमच्या लक्षात राहिलं नाही कधी, आणि कांद्याला कोणतं बुरशीनाशक हे तुम्ही मन लावून ऐकायचात. बघता बघता डोळा लागला तर दचकून उठायचात आणि आधी बटण बंद करायचात. मला म्हणायचात, 'मोजमाप खोटं असण्यापेक्षा नसलेलं बरं.'

आणि माझी मालिका. ती खानावळ चालवणाऱ्या बाईची, जिचा नवरा परागंदा झालेला असतो. आठ वाजले की तुम्ही बातम्यांनंतरचा चहाचा कप उचलायचात, आपलं बटण विझवायचात आणि आत जायचात. 'तुझं रडगाणं आटपलं की हाक मार.' कधी दारातून विचारायचात, 'ती बाई जिन्यावरून उतरली का? सोमवारी निघाली होती.' मंजिरीला, तुमच्या बहिणीला, मेश्राम मॅडमना, सगळ्यांना अभिमानानं सांगायचात की या घरात तिला एकच प्रेक्षक आहे, आणि तो मी नाही.

आता ऐका. तीन वर्षांपूर्वी पेपरात आलं की ती मालिका बंद होणार, बघणारे कमी झालेत. त्या दिवशी तुम्ही आत गेल्यावर मी तुमचं बटण दाबलं. एक आणि दोन, दोन्ही दिवे लावले. साडेआठला विझवले. मालिका बंद झाली नाही. माझ्यामुळे नसेल, पण मला वाटलं, असेलही. मग दुसऱ्या दिवशी दाबलं, तिसऱ्या दिवशी दाबलं, आणि नंतर कारणच उरलं नाही तरी दाबत राहिले. खरं सांगू का? मला एकटीनं बघायला आवडायचं नाही. त्या खोक्यावर दोन दिवे शेजारी दिसले की बरं वाटायचं. तुम्ही बारा पावलांवर आत पेपर वाचत होतात आणि मी तुमच्या दिव्याबरोबर मालिका बघत होते. हे तुम्हाला सांगायची माझी छाती झाली नाही. चोरी केली असती तर सांगितलं असतं, पण मोजमापात खोटेपणा? तुम्ही मला माफ केलं नसतंत, असं मला तेव्हा वाटायचं.

आणि या एवढ्याशा गोष्टीनं पुढे काय केलं बघा.

फुप्फुसांनी दगा दिला आणि तुम्ही आतल्या खोलीत पडलात. ऑक्सिजनचं मशीन, त्याची नळी, बाथरूम तिथलंच जवळचं. बाहेर सोफ्यापर्यंत येणं जमेना. बातम्या लागल्या की तुम्ही डोळे मिटून कान बाहेर लावायचात आणि ते मशीन घरघर करायचं, अर्धं काही ऐकू यायचं नाही. 'कोण म्हणालं? काय म्हणाला तो?' मी धावत आत यायचे, सांगायचे, परत बाहेर जायचे. मी म्हणाले, टीव्ही आत आणू. तुम्ही म्हणालात, मीटर लावलेला आहे, त्यांना कळवल्याशिवाय हलवायचा नाही. मी म्हणाले, चुलीत गेला मीटर. तुम्ही म्हणालात, 'चुलीत घालायचा असेल तरी कळवून घालायचा. मेश्राम मॅडमना फोन कर.'

नुसता एक फोन करायचा होता.

मी म्हणाले, उद्या करते. दुसऱ्या दिवशी तुम्ही विचारलंत, केलास? मी म्हणाले, उचलत नाहीत. अहो, मी लावलाच नव्हता. मला भीती वाटली. ती येणार, तुम्हाला अंथरुणावर बघणार, विचारणार की काका कधीपासून आजारी आहेत, आणि मग तिच्या लक्षात येणार की आजारी काका रोज आठ वाजता बाहेर येऊन मालिका कसे काय बघतात. कारण मी दाबत होते ना, तेव्हाही दाबत होते. ती तुमच्यासमोर बोलली असती. तुम्ही त्या नळीसकट माझ्याकडे बघितलं असतंत. ते मला नको होतं. म्हणून मी नऊ दिवस 'उद्या' म्हणाले. दहाव्या दिवशी मंजिरीचा व्हिडिओ कॉल आला तेव्हा तुम्ही तिला म्हणालात, 'तुझ्या आईला टीव्ही बाहेरच हवाय, तिची मालिका आहे.' हसून म्हणालात. मी चिडले. इतकी चिडले की तुमच्याशी दिवसभर बोलले नाही. अकराव्या दिवशी तुम्हाला दवाखान्यात नेलं आणि तिथून तुम्ही घरी आला नाहीत.

हॉस्पिटलच्या त्या खोलीत भिंतीवर टीव्ही होता. बंद. मी नर्सला विचारलं, लावता येईल का, तर म्हणाली रिमोट कुठे गेलाय कोणास ठाऊक. तुम्ही त्या काळ्या काचेकडे बघत होतात. बघत होतात की नुसते डोळे तिकडे होते, ते मला सांगता येत नाही.

तुमच्या मागे मी बटण दाबत राहिले ते वेडेपणानं नव्हे. डोकं ठिकाणावर आहे माझं. पाचव्या दिवशी मंजिरी सोडून सगळे गेले, ती आत फोनवर होती, मी सात वाजता बातम्या लावल्या, रुमालाचं टोक वर केलं, आणि खोक्यावर नुसता दोनचा दिवा. मला ते बघवेना. एवढंच. बाकी कशावर माझं चालत नव्हतं, त्या बटणावर चालत होतं. फॉर्मवर तुमचं नाव आहे तोवर तुम्ही कुठेतरी मोजले जाताय, असं धरून मी चालले होते. मंजिरी परत गेली आणि मग तर मला विचारणारंही कोणी नव्हतं. फक्त मेश्राम मॅडमची यायची वेळ होत आली होती, आणि ती आली की तुम्हाला काढणार, हे मला कळत होतं. दोनदा तिचा फोन आला. मी उचलला नाही.

काल अकरा वाजता ती दारात उभी राहिली. तिला काही माहीत नव्हतं. आत आली, चपला काढल्या, आणि भिंतीवरचा हार घातलेला फोटो बघून तिथंच खाली बसली. फरशीवर. मग म्हणाली, 'काकू, मला एक मेसेज तरी करायचा.' मी पाणी दिलं. तिनं ते तसंच हातात धरलं आणि म्हणाली, 'आता मला फॉर्म भरावा लागेल. भरू का? नाहीतर मी नंतर येते.' मी म्हणाले, भर. नंतर येऊन काय फरक पडणार आहे.

सदस्य कमी करण्याचं कारण. त्याच्यापुढे चौकटी होत्या, तिनं मला न विचारता खूण केली. मग तिनं विचारलं, 'काकांनी शेवटचं टीव्ही कधी बघितलं, काकू?'

काल संध्याकाळी, असं म्हणता आलं असतं. मीटरमध्ये तसंच होतं. पण तुम्ही समोर फोटोत, त्या तुमच्या इन्स्पेक्शनच्या चेहऱ्यानं. मी सगळं सांगून टाकलं. आजारातलं, नंतरच्या पंधरा दिवसांतलं, आणि त्याआधीची तीन वर्षं. फोन का केला नाही तेही. मग तिच्या तोंडून निघून गेलं, 'तुम्ही फोन केला असता तर मी दुसऱ्याच दिवशी माणूस घेऊन आली असती ना काकू. अर्ध्या तासाचं काम आहे ते.' बोलल्यावर तिनं ओठ चावला. पण बोलली ते खरंच होतं. अर्ध्या तासाचं काम. मी तिथे बसले आणि मला काही करता येईना. रडताही येईना.

तिनं मग पिशवीतून तिची फाइल काढली, आपल्या घराची. तिच्यात मागे एक कागद होता, तुमच्या अक्षरातला, पट्टीनं रेघा मारलेला. म्हणाली, 'गेल्या दिवाळीनंतर मी आली होती, तेव्हा तुम्ही बँकेत गेला होता. तेव्हा काकांनी दिला. वर द्यायला सांगितला होता. मी नाही दिला. दिला असता तर त्यांनी हे घरच कमी करून टाकलं असतं.'

तुम्ही माझी तक्रार केली होतीत.

वर लिहिलं होतं, 'मोजणीतील फरक.' खाली, 'माझे बटण पत्नीकडून अनवधानाने दाबले जाते असे दिसते. सबब खालील नोंदी दुरुस्त कराव्यात. पत्नीस याबाबत विचारू नये. विचारल्यास ती नाही म्हणेल आणि तिला खोटे बोलावे लागेल.' अनवधानाने. तोवर दोन वर्षं रोज आठ वाजता अनवधानाने. असा संताप आला मला. माहीत होतं तर बोलायचं होतंत. एकदा खोकला असतात तरी मी समजले असते. तुम्हाला कळेल या भीतीनं मी तुम्हाला टीव्ही दिला नाही, आणि तुम्हाला कळून वर्ष होत आलं होतं. आता मी कोणाशी भांडू? फोटोशी भांडून बघितलं सकाळी. फोटो ऐकून घेतो, ही तुमची सवय नाही.

खाली तक्ता होता. वार, वेळ, नोंद, प्रत्यक्ष, शेरा. तुमच्या कारखान्यातल्या रिपोर्टासारखा. मी चष्मा लावून एकेक ओळ वाचली.

मंगळवार, आठ ते साडेआठ. नोंद दोन. प्रत्यक्ष एक. शेरा: मी आत वाचत होतो.

बुधवार. नोंद दोन. प्रत्यक्ष एक. शेरा: मी आत वाचत होतो.

गुरुवार. नोंद दोन. प्रत्यक्ष दोन. शेरा: पॅसेजमध्ये उभा होतो. सहा मिनिटे.

मी मेश्राम मॅडमकडे बघितलं. ती म्हणाली, 'मी पण विचारलं काकांना, की हे कशाला लिहून राहिले, यात तर चूकच नाही. काका म्हणाले, पूर्ण रिपोर्ट द्यायचा असतो.'

पुढच्या आठवड्यात दोन दिवस उभे होतात. त्याच्या पुढच्या आठवड्यात तीन. दहा मिनिटे, चौदा मिनिटे. कागदाच्या मागच्या बाजूला तर 'आत वाचत होतो' असा शेरा कुठे नव्हताच. नोंद दोन, प्रत्यक्ष दोन, नोंद दोन, प्रत्यक्ष दोन, खालपर्यंत. शेवटच्या ओळीत: पॅसेजमध्ये उभा होतो. पूर्ण भाग.

फॉर्मवर मी सही केली. तिनं मीटरमध्ये काहीतरी केलं आणि मला म्हणाली, एकदा एक नंबर दाबून बघा. मी दाबला. दिवा लागला नाही. पुढच्या आठवड्यात मीटरही काढून नेतील, मी एवढं सगळं कबूल केल्यावर तिला ते कळवावंच लागेल, आणि तिनं कळवावं असंच मीही म्हणाले. कागद मात्र तिनं मला दिला.

पूर्ण भाग म्हणजे तीस मिनिटं. तुमच्या गुडघ्यांना गॅसचं सिलिंडर येईपर्यंत दारात उभं राहवत नव्हतं. दम लागायला लागला होता तेव्हाच. आणि तुम्ही माझ्या पाठीमागे, अंधारात, भिंतीला धरून तीस मिनिटं उभे, आणि मला श्वासाचा आवाजही आला नाही.

मी सोफ्याच्या मधोमध बसते, एका बाजूला लोकर, एका बाजूला पेपर पसरून. अहो, मी सरकले असते.